बीचच्या देशातून आलेल्या जर्मन माणसाने भारताचं वनखातं उभं केलं, पण त्याचा सगळ्यात महत्त्वाचा सल्ला बाजूलाच पडला

करंजाचं झाड खानदेशात कुणाला वेगळं दाखवावं लागत नाही. तापी, गिरणा, पांझरेच्या काठाला, शेताच्या बांधावर, रस्त्याच्या कडेला, शाळेच्या आवारात ते सापडतंच. चकचकीत हिरवी पानं, उन्हाळ्याच्या तोंडाला येणारी पांढरी-जांभळट फुलं आणि दिवाळीतल्या करंजीची आठवण करून देणारी चपटी शेंग.

या करंजाला इंग्रजीत काय म्हणतात, माहितेय? इंडियन बीच.

आता खरा बीच हा युरोपातला वृक्ष. त्याचं कुळ ओक आणि चेस्टनटचं. आपला करंज शेंगावर्गातला, म्हणजे तूर-हरभऱ्याचा लांबचा भाऊबंद. दोघांचं रक्ताचं नातं काहीच नाही. नाव तेवढं इंग्रजांनी चिकटवलं.

पण बीचच्या जंगलांचा आणि खानदेशातल्या सातपुड्याचा एक दुसरा संबंध आहे आणि तो खरा आहे. जंगल मोजायचं कसं, तोडायचं किती, पुन्हा उगवायचं कसं, याचं शास्त्र जर्मनीतल्या बीच आणि ओकच्या जंगलांत तयार झालं. ते भारतात ज्या माणसामुळे आलं त्याचं नाव डिट्रिच ब्रँडिस.

भारताचा पहिला वन महानिरीक्षक. आज यावल, चोपडा, शिरपूर, साक्री, अक्कलकुवा या भागात वनखात्याची जी हद्द, जे नियम, जी भांडणं दिसतात, त्यांची सुरुवात या माणसाच्या कारकिर्दीत झाली. आणि गंमत अशी, की ती भांडणं होऊ नयेत म्हणून काय करायला हवं, हेसुद्धा त्यानेच सांगून ठेवलं होतं.

तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापकाचा पोरगा

ब्रँडिसचा जन्म ३१ मार्च १८२४ चा, गाव बॉन. ऱ्हाईन नदीच्या काठावरचं विद्यापीठाचं शहर. वडील ख्रिस्तियान ऑगुस्ट ब्रँडिस तिथे तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक. ग्रीसचा तरुण राजा ओटो याचे सल्लागार म्हणून वडील काही वर्षं अथेन्सला गेले आणि त्यामुळे डिट्रिचच्या लहानपणाचा एक तुकडा ग्रीसमध्ये गेला.

पुढे कोपनहेगन, ग्योटिंगेन आणि बॉन अशा ठिकाणी त्याचं शिक्षण झालं. विषय वनस्पतिशास्त्र. १८४८ मध्ये डॉक्टरेट मिळाली आणि पुढच्याच वर्षी तो बॉन विद्यापीठात शिकवायला लागला. इथे एक गोष्ट लक्षात ठेवा. हा माणूस वनाधिकारी म्हणून शिकलेला नव्हता. फुलं, पानं, मुळं अभ्यासणारा तो प्राध्यापक होता.

पण ज्या प्रदेशात तो वाढला, तिथे जंगल राखणं ही रोजची गोष्ट होती. बॉनच्या आसपासच्या टेकड्यांवर बीच आणि ओक. गावांची, शहरांची स्वतःच्या मालकीची जंगलं. लाकूड कधी तोडायचं, किती तोडायचं, याचे ठरलेले नियम. हे सगळं पुढे त्याच्या फार उपयोगी पडणार होतं.

बीच वाढवायचा म्हणजे काय करायचं?

हे थोडं समजून घेऊ, म्हणजे पुढची गोष्ट सोपी जाईल.

बीच हा सावलीचा वृक्ष. त्याच्या कोवळ्या रोपाला थेट ऊन सोसत नाही आणि वसंतातलं दहिवर तर त्याला मारूनच टाकतं. मोकळ्या माळावर बीचचं बी टाकलं तर हाती फारसं काही लागत नाही. त्याला वर मोठ्या झाडांचं छत्र लागतं.

दुसरी अडचण बियांची. बीच दरवर्षी भरपूर बी धरत नाही. मधली वर्षं कोरडी जातात आणि मग एखाद्या वर्षी जमिनीवर बियांचा सडा पडतो. जंगल पुन्हा उगवायचं असेल तर त्या वर्षाची वाट बघावी लागते.

म्हणून जर्मन वनपालांनी एक पद्धत बसवली. म्हातारं जंगल एकदम कापायचं नाही. आधी थोडी झाडं काढायची, म्हणजे जमिनीला थोडा उजेड मिळतो. बियांचं वर्ष आलं की आणखी काही झाडं काढायची. रोपं उभी राहिली की वरचं छत्र हळूहळू कमी करत न्यायचं आणि पोरं स्वतःच्या पायावर उभी राहिली की मगच शेवटचा म्हातारा वृक्ष तोडायचा. गेओर्ग लुडविग हार्टिग या वनशास्त्रज्ञाने १७९१ मध्येच याचे नियम पुस्तकात मांडले होते.

यात एका पिढीने लावायचं, दुसरीने सांभाळायचं आणि तिसरीने तोडायचं असा हिशोब असतो, कारण बीच तोडणीला यायला १०० वर्षांहून जास्त काळ लागतो. ज्याला उद्याच पैसे हवेत त्याचं हे काम नाही.

सासुरवाडीच्या ओळखीतून थेट ब्रह्मदेश

मग हा बॉनचा प्राध्यापक भारतात आला कसा? लग्नामुळे.

१८५४ मध्ये ब्रँडिसने रेचल मार्शमन हिच्याशी लग्न केलं. रेचल ही बंगालमधल्या सेरामपूरचे मिशनरी जोशुआ मार्शमन यांची मुलगी. हे तेच सेरामपूर, जिथे मार्शमन यांचे सहकारी विल्यम कॅरी यांनी १८०५ मध्ये मराठीचं व्याकरण छापलं होतं. रेचलची बहीण हॅना ही ब्रिटिश सेनाधिकारी हेन्री हॅवलॉक याची बायको. थोडक्यात, सासरच्या माणसांचं ब्रिटिश भारतात चांगलं वजन होतं.

त्या वेळी गव्हर्नर जनरल होता लॉर्ड डलहौसी. १८५२ च्या युद्धानंतर इंग्रजांनी ब्रह्मदेशातला पेगू प्रांत गिळला होता आणि त्यासोबत जगातली उत्तम सागाची जंगलं त्यांच्या हाती आली होती. जहाजबांधणीला साग लागायचा. युरोपातला ओक कमी पडत चालला होता. पण पेगूच्या जंगलात व्यापारी घुसले होते आणि मिळेल तो साग कापून नदीत सोडत होते. हे असंच चाललं तर थोड्याच वर्षांत साग संपणार, हे डलहौसीला कळत होतं.

त्याला झाडं कळणारा माणूस हवा होता. नाव सुचवलं गेलं ब्रँडिसचं. १८५६ च्या जानेवारीत पेगूच्या जंगलांचा अधीक्षक म्हणून त्याची नेमणूक झाली. तेव्हा तो ३१ वर्षांचा होता.

हत्तीवर बसून झाडांची जनगणना

ब्रँडिसला ब्रह्मदेशात पहिला प्रश्न पडला, की जंगलात साग आहे तरी किती?

नकाशे धड नव्हते, रस्ते नव्हते, पावसाळ्यात ताप ठरलेला. प्रत्येक झाड मोजणं अशक्य. मग त्याने सोपी युक्ती काढली. हत्तीवर बसून एका ठरलेल्या वाटेने जंगलातून जायचं. डाव्या हातात लाकडाच्या चार काड्या, उजव्या हातात चाकू. वाटेच्या दोन्ही बाजूंना ठरावीक अंतरापर्यंत दिसणारं सागाचं प्रत्येक झाड घेरानुसार चारपैकी एका गटात टाकायचं आणि त्या गटाच्या काडीवर खाच पाडायची. पाऊस आला तर कागद भिजतो, काडी भिजून काही बिघडत नाही.

मुक्कामाला पोहोचलं की खाचा मोजायच्या. एवढ्या लांबी-रुंदीच्या पट्ट्यात एवढी झाडं, तर अख्ख्या जंगलात साधारण किती, याचा अंदाज निघायचा. आज निवडणुकीच्या सर्व्हेत थोड्या लोकांना विचारून सगळ्यांचा कल काढतात ना, त्यातलाच हा प्रकार.

यातून त्याने तोडीचा नियम काढला. समजा जंगलात तोडण्याजोगे १,००० मोठे साग आहेत आणि त्यांच्या खालच्या गटातल्या झाडांना मोठं व्हायला २० वर्षं लागतात. तर वर्षाला ५० झाडंच तोडायची. म्हणजे २० वर्षांनी शेवटचं मोठं झाड तुटेल, तोवर खालची फळी वर आलेली असेल. बँकेतलं व्याज खायचं, मुद्दल नाही.

व्यापाऱ्यांना हे अजिबात रुचलं नाही. जंगल समोर उभं आहे, बाजारात मागणी आहे आणि एक जर्मन प्राध्यापक खाचा मोजत बसलाय! त्यांनी सरकारकडे तक्रारी केल्या, दबाव आणला. ब्रँडिस बधला नाही.

सागाने शिकवलेला धडा

आता बीचचं शास्त्र सागाला जसंच्या तसं लावलं असतं तर फसलं असतं. कारण साग नेमका उलट्या स्वभावाचा. बीचला सावली हवी, सागाला भरपूर ऊन हवं. मोठ्या झाडाखाली सागाचं रोप खुरटतं.

ब्रँडिसने हे ओळखलं. उत्तर त्याला जंगलात राहणाऱ्या करेन लोकांच्या शेतीत मिळालं. हे लोक डोंगरउतारावर जंगलाचा तुकडा साफ करून, जाळून, त्यात भात पेरायचे आणि एक-दोन वर्षांनी पुढे सरकायचे. ब्रह्मी भाषेत याला टाउंग्या म्हणतात. सरकारी डोक्यांना ही शेती म्हणजे जंगलाची शत्रू वाटायची. ब्रँडिसलाही ती आवडत नव्हतीच. पण बंदी घालून भांडत बसण्याऐवजी त्याने करेन लोकांना एक सौदा देऊ केला. भात लावाल तिथे ओळीने सागही लावा. तण काढाल तेव्हा सागालाही फायदा. तुम्ही पुढच्या तुकड्याकडे जाल तेव्हा मागे सागाचं तरुण रान उभं असेल आणि त्याचे पैसे सरकार तुम्हाला देईल.

अर्थात यात सरकारचा फायदा जास्त होता. साग सरकारचा आणि सागाने व्यापलेल्या जागेत शेतकऱ्याला पुन्हा भात पेरता येणार नव्हता. तरीही जंगलात राहणाऱ्या माणसाला हाताशी धरल्याशिवाय जंगल उभं राहत नाही, हे ब्रँडिस इथे शिकला. पुढची सगळी वर्षं तो हेच सांगत राहिला.

भारताचा पहिला वन महानिरीक्षक

ब्रह्मदेशातलं काम बघून १८६२ मध्ये सरकारने त्याला भारतात बोलावून घेतलं. १८६३ मध्ये रेचलचं निधन झालं. पुढच्या वर्षी, १ एप्रिल १८६४ ला, ब्रँडिस भारताचा पहिला वन महानिरीक्षक झाला. त्या पदावर तो १८८३ पर्यंत राहिला.

तो काळ रेल्वेचा होता. मुंबईहून निघालेली ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे १८६० च्या दशकात खानदेशात शिरून भुसावळच्या पुढे निघाली होती. रुळाखाली लाकडी स्लीपर लागायचे, तेही दर काही वर्षांनी बदलायचे. त्यासाठी साग, साल, देवदार यांच्यावर सगळीकडे कुऱ्हाड चालत होती. वनखातं निघालं त्यामागे झाडांवरच्या प्रेमापेक्षा ही गरज मोठी होती, हे स्पष्टच सांगायला हवं.

ब्रँडिसकडे माणसं नव्हती. म्हणून त्याने जर्मनीतून विल्यम श्लिच आणि बर्टोल्ड रिबेनट्रॉप असे शिकलेले वनाधिकारी आणले. तरुण इंग्रज उमेदवारांना फ्रान्स आणि जर्मनीला शिकायला पाठवायची सोय केली. ही पोरं तिथली बीच-ओकची जंगलं बघून यायची आणि मग त्यांची नेमणूक व्हायची हिमालयात नाहीतर सातपुड्यात. शिकलेलं शास्त्र एका झाडाचं आणि काम दुसऱ्याच झाडाशी.

शिक्षण इथल्याच जंगलात व्हायला पाहिजे, हे ब्रँडिसने लावून धरलं आणि १८७८ मध्ये डेहराडूनला वनविद्यालय सुरू झालं. भारतीय तरुणांना रेंजर म्हणून तयार करणारी ही पहिली मोठी शाळा. डेहराडून आजही देशाच्या वनशिक्षणाचं केंद्र आहे.

दरम्यान त्याच्यातला वनस्पतिशास्त्रज्ञ गप्प बसला नव्हता. जे. एल. स्टुअर्ट यांनी सुरू केलेलं वायव्य आणि मध्य भारतातल्या वनस्पतींवरचं मोठं पुस्तक त्याने रजा घेऊन, लंडनजवळच्या क्यू उद्यानात बसून पूर्ण केलं. ते १८७४ मध्ये आलं. पुढच्या वर्षी रॉयल सोसायटीने त्याला फेलो केलं.

खरं भांडण: जंगल कुणाचं?

१८७० च्या दशकात सरकारला नवा वनकायदा हवा होता. १८६५ चा पहिला कायदा अपुरा वाटत होता. आणि इथे वनखात्यातच दोन तट पडले.

एका बाजूला होता बी. एच. बेडन-पॉवेल. ब्रँडिस रजेवर असताना त्याच्या जागी काम पाहिलेला अधिकारी. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की पडीक जमीन आणि जंगल यांची मालकी सरकारची. लोक वर्षानुवर्षं तिथून लाकूड, गवत, मोहफुलं नेत आले असतील, पण ती सरकारने दिलेली सवलत होती, तो हक्क नव्हे. तेव्हा सगळं ताब्यात घ्या.

ब्रँडिसचं मत वेगळं होतं. महत्त्वाची, मोक्याची जंगलं सरकारने राखावीत, हे त्यालाही मान्य होतं. पण बाकीच्या जंगलावर गावांचे जुने वापर आहेत आणि ते हक्क म्हणून मानले पाहिजेत, असं तो म्हणायचा. शिवाय प्रत्येक भागात गावांची स्वतःची जंगलं असावीत, त्यांची देखभाल गावाने करावी आणि वनखात्याने फक्त तांत्रिक मदत करावी. ही कल्पना काही हवेतली नव्हती. जर्मनी, फ्रान्समध्ये गावांच्या आणि शहरांच्या मालकीची जंगलं शेकडो वर्षं नीट चालली होती. लहानपणापासून त्याने ती पाहिली होती.

भारतातही त्याला उदाहरणं दिसली होती. देवाच्या नावाने राखलेली वनं, म्हणजे आपल्या देवराया. राजपुताना, कूर्ग अशा ठिकाणच्या देवरायांची त्याने आवर्जून नोंद घेतली आणि पुढे १८९७ मध्ये त्यावर स्वतंत्र लेखनही केलं. इथल्या लोकांना जंगल राखता येत नाही, हा समज चुकीचा असल्याचा पुरावा त्याच्यासमोर उभा होता.

१८७८ चा कायदा झाला तेव्हा जंगलाचे तीन प्रकार ठरले: राखीव, संरक्षित आणि ग्रामवन. कागदावर ब्रँडिसचं ग्रामवन आलं. पण प्रत्यक्षात भर राहिला पहिल्या दोनांवर. राखीव जंगल वाढत गेलं आणि ग्रामवनाचं प्रकरण बहुतेक ठिकाणी कायद्याच्या पुस्तकातच पडून राहिलं.

कायद्याला विरोध करणारे आपल्याकडेही होते. पुण्याच्या सार्वजनिक सभेने सरकारला कळवलं होतं, की धाक दाखवण्यापेक्षा गावकऱ्यांना विश्वासात घेऊन झाडं राखली तर काम जास्त सोपं होईल. महात्मा फुल्यांनी १८८३ च्या सुमारास लिहिलेल्या शेतकऱ्याचा असूड या पुस्तकात वनखात्याने शेतकऱ्यांची चराई कशी बंद केली, यावर कोरडे ओढलेत. म्हणजे वनखात्याचा प्रमुख, पुण्यातली सभा आणि महात्मा फुले हे तिन्ही वेगवेगळ्या बाजूंनी जवळपास एकाच मुद्द्यावर आले होते. तरी व्हायचं ते झालंच.

१८८१ नंतर ब्रँडिस मद्रास इलाख्याच्या जंगलांची व्यवस्था लावायला गेला. १८८३ मध्ये आलेल्या त्या अहवालातही त्याने ग्रामवनांचा आग्रह धरला. त्याच वर्षी तो निवृत्त झाला.

मग खानदेशात काय झालं?

तेव्हा जळगाव आणि धुळे वेगळे नव्हते. खानदेश हा एकच मोठा जिल्हा होता आणि कारभार धुळ्यातून चालायचा. पूर्व आणि पश्चिम खानदेश अशी वाटणी १९०६ मध्ये झाली.

उत्तरेला सातपुडा, पश्चिमेला सह्याद्रीचे फाटे. साग, अंजन, सालई, खैर, धावडा, मोह, पळस. भिल्ल, पावरा, कोकणा अशा समाजांचं जगणं या झाडांवर चालायचं. मोहफुलं, डिंक, चारोळी, तेंदूपानं, घराला लागणारं लाकूड, गुरांना चारा. यातलं बहुतेक आजवर मागून घ्यायची गरज पडली नव्हती.

राखीव जंगलाची हद्द पडली आणि हे सगळं परवानगीवर आलं. चराईला शुल्क, लाकडाला पास, शेतीला बंदी. कालपर्यंतचं रोजचं काम आज गुन्हा झालं. आणि जे आपलं राहिलं नाही, ते राखायची इच्छाही राहिली नाही. रात्री झाड तोडून नेणारा आणि त्याला पकडणारा असा एक उंदीर-मांजराचा खेळ सुरू झाला आणि तो पिढ्यान् पिढ्या चालला. १९३० मध्ये महाराष्ट्रात ठिकठिकाणी जंगल सत्याग्रह झाले, चिरनेरला गोळीबार झाला, त्यामागे हाच राग होता.

या सगळ्यातून ब्रँडिसला पूर्ण सोडून देता येणार नाही. ग्रामवन हवं म्हणणारा तोच होता, पण ज्या खात्याने आणि ज्या कायद्याने लोकांना जंगलाबाहेर काढलं, ते त्याच्याच कारकिर्दीत उभं राहिलं. शिस्तीचा त्याचा अर्धा सल्ला सरकारला सोयीचा होता, म्हणून तो लगेच घेतला गेला. लोकांच्या वाट्याचा उरलेला अर्धा सोयीचा नव्हता, तो बाजूला पडला.

८२ व्या वर्षी आलेलं पुस्तक

निवृत्तीनंतर ब्रँडिस बॉनला परतला. १८८७ मध्ये त्याला सर हा किताब मिळाला. भारतात नोकरीला जाणाऱ्या तरुण इंग्रज वनाधिकाऱ्यांना तो युरोपातल्या जंगलांत फिरवून शिकवायचा.

१८८९ मध्ये गिफर्ड पिंचो नावाचा एक अमेरिकन तरुण त्याला येऊन भेटला. वनशास्त्र शिकायचंय, कुठे शिकू, असा त्याचा प्रश्न. ब्रँडिसने त्याला फ्रान्समधल्या नान्सीच्या शाळेत जायचा सल्ला दिला आणि पुढेही मार्गदर्शन करत राहिला. हाच पिंचो १९०५ मध्ये अमेरिकेच्या वनसेवेचा पहिला प्रमुख झाला. म्हणजे ब्रह्मदेशात हत्तीवर बसून काडीवर पाडलेल्या खाचांचा अनुभव पार अमेरिकेपर्यंत पोहोचला.

आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत त्याने आणखी एक डोंगर उचलला. भारतातल्या झाडांचं, झुडपांचं, वेलींचं, बांबूंचं एकत्र पुस्तक. इंडियन ट्रीज या नावाने ते १९०६ मध्ये आलं. त्यात सुमारे ४,४०० जातींची माहिती आहे आणि आपला करंजही आहे. तेव्हा ब्रँडिस ८२ वर्षांचा होता. पुढच्याच वर्षी, २८ मे १९०७ ला, बॉनमध्ये त्याचं निधन झालं.

बाजूला पडलेला सल्ला साक्री तालुक्यात खरा ठरला

ब्रँडिस गेल्यानंतर ८०-९० वर्षांनी धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात, गुजरातच्या सीमेजवळ, बारीपाडा नावाच्या छोट्या आदिवासी पाड्यावर काही वेगळं घडायला लागलं. जंगल उजाड झालं होतं, पाण्यासाठी पायपीट चालू होती. १९९० च्या दशकात चैत्राम पवार आणि गावकऱ्यांनी ठरवलं, की आपलं जंगल आपणच राखायचं. कुऱ्हाडबंदी केली, तोडणाऱ्याला दंड लावला, राखणीला माणसं नेमली आणि पाणी अडवायला बांध घातले.

काही वर्षांत जवळपास ११०० एकरांवर जंगल पुन्हा उभं राहिलं. विहिरींना पाणी आलं, शेती सुधारली. आता तिथे भरणारा वनभाज्यांचा महोत्सव बघायला बाहेरून लोक येतात. २०२५ मध्ये चैत्राम पवार यांना पद्मश्री जाहीर झाली.

बारीपाड्याच्या लोकांनी ब्रँडिसचे अहवाल वाचून हे केलेलं नाही. त्यांना त्याची गरजही नव्हती. पण गावाकडे जंगल सोपवलं तर काय होतं, याचं ते जिवंत उत्तर आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने सामूहिक वनहक्क मान्य केले आणि २००९ मध्ये गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावाला असे हक्क मिळाले. ब्रँडिस जे १८७० च्या दशकात मागत होता, त्याच्या जवळपास जाणारी गोष्ट कायद्यात ठोसपणे यायला सव्वाशे वर्षं लागली. खानदेशातल्या अनेक गावांचे दावे आणि त्यावरची भांडणं आजही चालूच आहेत.

जाता जाता, करंज लावायचा असेल तर

बीच खानदेशात येणार नाही. त्याला थंडी आणि ओलावा लागतो, जळगावचा मे महिना त्याच्या आवाक्याबाहेरचा. पण इंडियन बीच मात्र कुणालाही जमेल.

उन्हाळ्यात वाळलेल्या शेंगा गोळा करा, फोडून बी काढा. बी ताजं वापरा, फार दिवस ठेवलं तर त्याची उगवण कमी होते. रात्रभर पाण्यात भिजवून पिशवीत दोन सेंटीमीटर खोल लावा. साधारण एक-दोन आठवड्यांत कोंब दिसतो. रोप हातभर झालं की पावसाच्या सुरुवातीला दीड फुटाचा खड्डा घेऊन लावून टाका. पहिले दोन उन्हाळे पाणी द्या आणि बुंध्याशी पालापाचोळ्याचं आच्छादन ठेवा. गुरं त्याला फारसं तोंड लावत नाहीत, हा मोठा फायदा. मुळांवरच्या गाठींमुळे जमिनीत नत्र साठतं, बियांचं तेल निघतं आणि पेंड शेतात खत म्हणून चालते.

फक्त एक बघा. झाड अशा ठिकाणी लावा, जिथे त्याला आपलं म्हणणारं कुणीतरी आहे. शाळा, गल्ली, बांध, कुठेही. वनमहोत्सवाला फोटो काढून लावलेली आणि नंतर कुणाचीच नसलेली रोपं दुसऱ्या उन्हाळ्यापर्यंत टिकत नाहीत, हे आपण सगळ्यांनी बघितलंय. रोपाला पाणी घालायला माणूस लागतो आणि तो रोज यावा असं वाटत असेल, तर त्या झाडात त्याचा वाटा असावा लागतो. ४,४०० झाडाझुडपांची नोंद करणारा माणूस हयातभर सरकारला हेच पटवून देत होता.